टांगलेला मासा आणि अर्धी रास

तुळईला एक दोरा बांधलेला आहे. दोऱ्याच्या टोकाला मिठात मुरवलेला बोटाएवढा मासा लोंबतो आहे. खाली टेबलाभोवती सगळं घर जेवायला बसलं आहे. प्रत्येकाच्या हातात पोलेंत्याचा तुकडा आहे. पोलेंता म्हणजे मक्याच्या पिठाचा सुरीने कापता येईल इतका घट्ट घाटा. जो तो पाळीपाळीने आपला तुकडा त्या माशावर घासतो आणि खातो. मासा खायचा नाही, नुसता घासायचा. थोड्या दिवसांनी त्याला माशाचं रूपही उरत नाही, तरी घासणं चालूच राहतं. हक्कापेक्षा जास्त कुणी घासलं तर घरधनी तोबिया टेबलापलीकडून हात टाकून मारतो. लवकरच लग्न होऊन जाणारी मुलगी जिनोत्ता असली तरी तिलाही सूट नाही.

बेप्पे फेनोल्यो या इटालियन कादंबरीकाराच्या 'ला मालोरा' या १९५४ सालच्या छोट्या कादंबरीतला हा प्रसंग. इटलीतल्या नाहीशा झालेल्या शेतकरी जगण्याचा विषय निघाला की हा मासा हमखास आठवला जातो, आणि बहुतेक वेळा 'केवढी गरिबी!' एवढं म्हणून सोडून दिला जातो. खरं तर त्या दोऱ्याला गरिबीबरोबर एक अख्खी व्यवस्था टांगलेली आहे. पोलेंता अळणी का? घरात गहू पिकत असताना मका का खातात? मारणारा तोबिया स्वतः कुणाच्या दबावाखाली आहे? याची उत्तरं हातात आली की कादंबरी वेगळीच दिसू लागते. तिच्यात रडणं फार थोडं आहे आणि हिशेब पानोपानी आहे.

पहिलं उत्तर सोपं आहे. इटलीत मीठ ही सरकारी मक्तेदारी होती, आणि ती थेट १९७० च्या दशकापर्यंत टिकली. मीठ रोकड मोजूनच आणावं लागे, आणि शेतकऱ्याच्या घरात वर्षभर टंचाई असे ती रोकडीचीच. खारवलेला मासा लिगुरियाच्या किनाऱ्याकडून डोंगर ओलांडून वर येई. मासा म्हणजे आपल्या मांदेलीच्या कुळातलाच. त्याच्या अंगात मीठ, तेल आणि वास तिन्ही असतात. त्यामुळे दोऱ्याला टांगलेला मासा हे त्या घराचं कालवण आणि मीठ दोन्ही होतं, आणि ते मोजून वापरायचं म्हणूनच ताटात न वाढता सगळ्यांच्या डोळ्यांसमोर टांगायचं. ताटात वाढलेली वस्तू कुणी किती खाल्ली ते कळत नाही. टांगलेल्या वस्तूवर सगळ्यांचा पहारा राहतो.

आता ही माणसं कुठली ते. इटलीच्या वायव्येला पिएमोंते प्रांत आहे. त्याच्या दक्षिण भागात, अल्बा या शहराच्या भोवती, लांगे नावाचा डोंगराळ मुलूख आहे. 'लांगा' म्हणजे डोंगराची लांबट धार, आणि लांगे हे तिचं अनेकवचन. अल्बाजवळचे खालचे डोंगर द्राक्षांचे. दक्षिणेला वर चढत गेलं की उतार तीव्र होतात, माती निसटती, शेतं चिंध्यांएवढी. बेल्बो नदीच्या वरच्या अंगाला सान बेनेदेत्तो बेल्बो हे गाव आहे. कादंबरीचा निवेदक आगोस्तिनो ब्राइदा तिथला. काळ साधारण विसाव्या शतकाच्या सुरुवातीचा, पण कादंबरीत तारखा नाहीत. साल कळून त्या घरातल्या कुणाचं काही अडत नव्हतं, असाच त्याचा अर्थ घ्यायचा.

'मालोरा' या शब्दाची फोड 'माला ओरा' अशी, म्हणजे वाईट घटका. बोलण्यात 'मालोराला जाणं' म्हणजे वाटोळं होणं. इंग्रजी अनुवादाचं नाव 'रुइन' आहे. मराठीत 'वाटोळं' हेच नाव शोभेल, कारण त्यात शिवी, शाप आणि घराची अवस्था तिन्ही येतात.

अर्धी रास: मेद्झाद्रिया कशी चाले

कादंबरीतला तोबिया राबिनो हा पावाल्योने नावाच्या शेतावरचा मेद्झाद्रो आहे. हा एक शब्द समजला की निम्मं काम झालं. 'मेद्झो' म्हणजे अर्धा. आपल्याकडे अर्धेलीने, बटाईने किंवा निम्म्या वाट्याने शेत करणं म्हणतात, त्याच्याशी मिळतीजुळती ही पद्धत आहे. मध्य आणि उत्तर इटलीत ती कित्येक शतकं चालली. फरक असा की आपल्याकडे बटाई बहुधा एका शेतापुरती, एका हंगामापुरती ठरते. मेद्झाद्रियात मालक शेत, घर, गोठा असं सगळं एकत्र देतो, आणि समोरून एकटा माणूस नव्हे तर त्याचं अख्खं कुटुंब बांधलं जातं. सही कुटुंबप्रमुखाची, राबणं सगळ्यांचं. १९४२ च्या इटालियन दिवाणी संहितेतही हे कलमबद्ध होतं: लग्न, दत्तक असे प्रसंग सोडले तर मालकाच्या संमतीवाचून कुटुंबातली माणसं वाढवायची किंवा घटवायची नाहीत. मालकाच्या लेखी कुटुंब म्हणजे शेताला जोडलेले हात.

जमीन, घर आणि बहुतेक ठिकाणी गुरं किंवा गुरांचा अर्धा वाटा मालकाचा. बियाणं निम्मं-निम्मं. द्राक्षं असतील तर फवारणीच्या मोरचुदाचा खर्चही निम्मा-निम्मा. (केवडा रोग तिथेही तोच आणि मोरचूद-चुन्याचं बोर्डो मिश्रणही तेच, नाशिक-सांगलीच्या बागायतदाराला वेगळं सांगायला नको.) गहू, मका, द्राक्षं, फळं यांची अर्धी वाटणी. वासरू विकलं तर नफा अर्धा आणि मेलं तर तोटाही अर्धा. याखेरीज वरकड असे: सणाला खस्सी केलेले कोंबडे, ठरलेली अंडी, मालकाच्या घरी लाकूडफाटा पोचवणं. कागदावर हे 'भेट' म्हणून लिहिलेलं असलं तरी चुकवता येत नसे. सगळ्याची नोंद एका वहीत होई. वर्षअखेर मेद्झाद्रोकडे बाकी निघाली तर ती पुढच्या वर्षाच्या पानावर चढे. वही बहुतेक मालकाच्या बाजूचं कुणीतरी लिही, आणि समोरच्याला वाचता येईलच असं नव्हतं.

शेतीचं वर्ष ११ नोव्हेंबरला, संत मार्टिनच्या दिवशी, संपे. करार मोडला असेल तर त्याच सुमारास बैलगाडीवर खाट, भांडी, कोंबड्यांची पिंजरी आणि म्हातारी चढवून दुसऱ्या शेतावर जायचं. उत्तर इटलीत आजही घर बदलण्याला 'सान मार्तिनो करणं' म्हणतात.

अर्धा वाटा ऐकायला न्याय्य वाटतो, त्यामुळे आकडे मांडून पाहू. हे आकडे कादंबरीतले नाहीत, केवळ समजण्यासाठी घेतलेले आहेत. दोन हेक्टर म्हणजे सुमारे पाच एकर गहू. त्या काळच्या डोंगरउतारावर हेक्टरी दहा क्विंटल धरले तर रास वीस क्विंटलची. पुढच्या पेरणीचं तीन क्विंटल बी बाजूला काढलं की उरले सतरा. त्यातले साडेआठ मालकाचे. उरलेले साडेआठ क्विंटल सात माणसांत वाटले तर माणशी वर्षाला सव्वाशे किलोही येत नाहीत, दिवसाला तिसरा हिस्सा किलो. पोट कसंबसं भरेल. पण मग मीठ, कापड, खिळे, नांगराचा फाळ, गड्याचा पगार, डॉक्टर, पाद्री यांचे पैसे कुठून आणायचे? विकण्याजोगं धान्य गहूच. म्हणून गहू बाजारात आणि मका पोटात. गहू पिकवणाऱ्या घरात रोज पोलेंता शिजे तो यामुळे.

या पद्धतीची खरी कीड आणखी खोल आहे. मेद्झाद्रोने उतारावर बांध घालायला महिनाभर जादा राबायचं ठरवलं, तर कष्ट पूर्ण त्याचे आणि वाढीव पिकातला अर्धा वाटा मालकाचा. मालकाने पैसे घालून विहीर खोदली, तर खर्च पूर्ण त्याचा आणि फायदा अर्धा मेद्झाद्रोचा. शिवाय मेद्झाद्रोला दोन वर्षांनी काढून टाकलं तर बांध तिथेच राहणार. मग दोघेही हात आखडतात. जमीन जशीच्या तशी राहते, आणि उत्पन्न वाढवायचा एकच मार्ग उरतो: आहे त्या माणसांकडून आणखी काम काढणं आणि त्यांना कमी खायला घालणं.

तोबिया नेमकं हेच करतो. वाचक त्याला खलनायक ठरवून मोकळे होतात, तिथे गफलत होते. तोबियाला स्वतःची जमीन विकत घ्यायची आहे. जमीनमालक अल्बात बसून आपला अर्धा नेणार, तो अर्धा काही कमी होत नाही. मग तोबियाला वाचवायला जागा एकच, त्याचं स्वतःचं टेबल. तो बायको-मुलांना आणि गड्याला उपाशी ठेवतो, तसाच स्वतःही त्याच माशावर पोलेंता घासतो. एखाद्या राक्षसापेक्षा हे वाचायला जड जातं, कारण त्याचा हिशेब बरोबर आहे.

सात मारेंगो

आगोस्तिनो या घरात सालगडी आहे. ही संज्ञा मराठीत आयतीच आहे आणि ती चपखल बसते: वर्षाच्या बोलीवर ठेवलेला गडी, खाऊनपिऊन अमुक पैसे. त्याची बोली वर्षाला सात मारेंगोंची. मारेंगो म्हणजे वीस लिरांचं सोन्याचं नाणं. नाणं चलनात असो नसो, बाजारात आणि बोलीत हिशेब त्यातच होई. सात मारेंगो म्हणजे १४० लिरा, म्हणजे दिवसाला चाळीस सेंतेसिमीसुद्धा नाहीत (शंभर सेंतेसिमींची एक लिरा). आणि ही रक्कम त्याच्या हातात खेळत नाही. बापाने त्याला गडी म्हणून दिला तो घराच्या ओढगस्तीपायी.

इथे कादंबरीची सुरुवात बारकाईने पाहण्यासारखी आहे. पहिल्याच वाक्यात सगळ्या लांगे मुलखावर पाऊस पडतो आहे आणि वर सान बेनेदेत्तोत आगोस्तिनोचा बाप मातीखाली आपलं पहिलं पाणी घेतो आहे. बाप नुकताच पुरलेला आहे, एवढंच सांगायचं असतं तर दुसऱ्या कुणी डोळ्यांत पाणी आणलं असतं. फेनोल्योचा आगोस्तिनो लगेच दिवस सांगतो: गुरुवारी रात्री गेला, रविवारी दोन प्रार्थनांच्या मध्ये पुरला. आणि पाठोपाठ पैसे: नशीब, धन्याने तीन मारेंगो उचल दिली होती, नाहीतर पाद्री, पेटी आणि नातेवाइकांचं जेवण यांना घरात दमडी नव्हती. थडग्यावरचा दगड पुढे कधीतरी, जरा डोकं वर काढता आलं की.

सातांतले तीन गेले, म्हणजे पाच महिन्यांचा पगार बापाच्या मातीत गेला. आता उचल फिटेपर्यंत आगोस्तिनोला पावाल्योने सोडता येणार नाही. पाऊस, मरण, दिवस, उचल, दगड अशी कादंबरीची पहिली काही वाक्यं जातात आणि निवेदकाचा स्वभाव व त्याची बेडी दोन्ही कळतात. सालगड्याच्या उचलीचं गणित ज्याने मराठवाड्यात किंवा विदर्भात जवळून पाहिलं आहे, त्याला इथे टीप लागणार नाही.

एक गोष्ट मात्र निसटू देऊ नये. आगोस्तिनोचं घर मेद्झाद्रो नाही. सान बेनेदेत्तोत त्यांची स्वतःची जमीन आहे. वरच्या लांगेत असे तुकड्यांचे मालक पुष्कळ होते. जमीन स्वतःची असूनही मुलगा दुसऱ्याच्या घरी गडी म्हणून जातो आणि दुसऱ्याची जमीन करणारा तोबिया त्याला गडी म्हणून ठेवतो. 'मालक विरुद्ध कूळ' अशी सोपी रेघ या मुलखावर ओढता येत नाही, आणि फेनोल्योने ती ओढलेलीही नाही. तोबिया जे स्वप्न पाहतो ते आगोस्तिनोच्या बापाकडे होतं, आणि त्याने बाप वाचला नाही.

दुसरा भाऊ एमिलिओ अल्बाच्या सेमिनरीत, म्हणजे पाद्री घडवणाऱ्या शाळेत, जातो. गरीब घराला तोंडं कमी करण्याचा तोही एक रस्ता होता. एक मुलगा गडी, एक मुलगा देवाला. पुढे एमिलिओ छातीचं दुखणं घेऊन परत येतो. पावाल्योनेत कामाला ठेवलेली फेदे ही मुलगी आगोस्तिनोला आवडते, पण तिचे भाऊ तिचं लग्न दुसरीकडे ठरवतात. या प्रेमावर फेनोल्यो फार पानं खर्च करत नाही. सातांतले तीन मारेंगो आधीच खर्चून बसलेल्या गड्याला बोलायला जागाच कुठे होती?

वाटणीचा दिवस

'ला मालोरा'त अर्ध्या राशीचं दडपण सतत आहे, पण प्रत्यक्ष वाटणी कशी होते ते पाहायचं तर त्याच बेल्बो नदीच्या खालच्या अंगाला यावं लागतं. सान्तो स्तेफानो बेल्बो हे चेझारे पावेझेचं जन्मगाव. त्याची 'ला लूना ए ई फालो', म्हणजे चंद्र आणि होळ्या, ही कादंबरी १९५० साली आली. त्याच वर्षी २७ ऑगस्टला त्याने तोरिनो (तुरिन) शहरातल्या एका हॉटेलात आयुष्य संपवलं.

गामिनेल्ला नावाच्या उतारावर वालिनो हा मेद्झाद्रो आहे. मालकीण, व्हिलातली मादामा, मुलाला घेऊन घेवडा आणि बटाटे वाटून घ्यायला येते. ती म्हणते, बटाट्याचे दोन सर, म्हणजे दोन ओळी, आधीच काढलेत, त्यांची भरपाई द्या. घरातली रोझिना ओरडते, वालिनो शिव्या देतो, मादामा म्हातारीलाही बोलतं करायला घरात शिरते, आणि तोवर तिचा मुलगा टोपल्यांवर लक्ष ठेवून उभा. मग वजन होतं. एकमेकांकडे वाकडं बघत दोन्ही बाजू कबूल होतात. वालिनो गाडी भरून गावात माल पोचवतो. संध्याकाळी तो परततो तेव्हा त्याचा चेहरा काळवंडलेला असतो. त्या रात्री तो घरातल्या बायांना मारतो, घराला आग लावतो आणि स्वतः फास घेतो. पांगळा मुलगा चिंतो तेवढा निसटतो.

भांडण दोन सरांचं. अर्धेलीत रास पडेपर्यंत शेतातलं काहीच कुणाचं नसतं, सगळं सामाईक. पण पोट राशीची वाट पाहत नाही. घरच्या बाईने बटाटे संपले म्हणून दोन सर काढले की मेद्झाद्रोच्या लेखी ते जेवण आणि मालकिणीच्या लेखी ती चोरी. करारात दोघांच्याही बाजूने बोट दाखवायला जागा आहे. वहीत ते दोन सर किती किलोंचे लिहायचे यावर तंटा, आणि तो दरवर्षी ठरलेला. पावेझे यावर काही भाष्य करत नाही. टोपल्यांवर नजर ठेवणारा तो मुलगा मध्ये उभा करतो आणि पुढे जातो.

नावातल्या चंद्राचं आणि होळ्यांचं म्हणणं असं: पौर्णिमेला तोडलेला पाइन किडे खातात. दारूची कुंडी चंद्र कोवळा असताना धुवावी. कलमंसुद्धा चंद्राच्या पहिल्या दिवसांत केली नाहीत तर धरत नाहीत. आणि बांधावर होळी पेटवली की जमीन जागी होते, पीक रसाळ येतं. (बांबू अंधाऱ्या पक्षात तोडावा, हे आपल्याकडेही सांगतात.) कादंबरीत हे बोलणारा नूतो हा सुतार आहे आणि मालकशाहीचा कडवा विरोधक आहे. त्याच्या मते जो चंद्राच्या नावाखाली शेतकऱ्याला लुबाडतो तो अडाणी. कलम धरतंय ते मात्र धरतंय. पावेझेच्या कादंबरीतल्या होळ्यांचं टोक वालिनोच्या जळत्या घराशी जाऊन मिळतं. ओळखीच्या रितीचंच ते भीषण रूप आहे, म्हणून तो प्रसंग अंगावर येतो.

सांगणारा कोण, भाषा कोणती

फेनोल्यो शेतकरी नव्हता. १ मार्च १९२२ रोजी अल्बात जन्म, बाप खाटीक. सुट्टीत सान बेनेदेत्तोला जाणं-येणं. दुसऱ्या महायुद्धात तो फॅसिस्टांविरुद्ध डोंगरात लढला. नंतर अल्बातल्या एका वाइन कंपनीत परदेशी पत्रव्यवहाराची नोकरी. इंग्रजीवर त्याचं विलक्षण प्रेम होतं. १८ फेब्रुवारी १९६३ ला, चाळिशीतच, फुप्फुसाच्या कर्करोगाने तो गेला.

म्हणजे 'ला मालोरा' ही आत्मकथा नाही. खाटकाच्या मुलाला शेतकऱ्याचा घरातला चेहरा दिसत नसेल, पण दारात जनावर विकायला आलेला शेतकरी दिसतो: किती अडला आहे, किती खाली येईल. कादंबरीतली पैशाबद्दलची तीक्ष्ण नजर तिथूनही आली असावी. हा अंदाज आहे, पण पुस्तक वाचल्यावर सोडवत नाही.

पुस्तक आयनाउदी प्रकाशनाच्या 'इ जेत्तोनी' मालेत आलं. मालेचे संपादक एलिओ वित्तोरिनी स्वतः मोठे लेखक. त्यांनी पुस्तकाच्या वेष्टनावरच्या मजकुरातच शेरा मारला की असे तरुण लेखक स्वतः न भोगलेल्या गोष्टींवर लिहू लागले की एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीच्या प्रांतीय निसर्गवाद्यांसारखे, म्हणजे माणसांचं जगणं बाहेरून तटस्थपणे टिपणाऱ्या लेखकांसारखे, होण्याचा धोका असतो. आपल्याच प्रकाशकाने आपल्याच पुस्तकावर असं छापावं, हे फेनोल्योला लागलं. पुस्तक आल्यावर वहीत त्याने स्वतःला चौथ्या दर्जाचा लेखक म्हणून घेतलं. वित्तोरिनींचा धोक्याचा इशारा तत्त्वतः चूक नव्हता, या पुस्तकाला मात्र तो लागू पडला नाही. कारण निसर्गवादी कादंबरीत लेखक शेतकऱ्याकडे बघतो. इथे बघणारा लेखक कुठेच नाही. आगोस्तिनोच बोलतो आणि त्याला स्वतःची दया येत नाही.

ही भाषा कशी घडवली आहे तेही पाहावं. आगोस्तिनोसारखा माणूस खरं तर पिएमोंतेची बोली बोलेल. फेनोल्योने शब्द जवळपास सगळे प्रमाण इटालियनचे ठेवले, पण वाक्याची ठेवण बोलीची घेतली. 'बाप मातीखाली आपलं पहिलं पाणी घेत होता' हे त्याचंच उदाहरण: एकही शब्द अनोळखी नाही आणि तरी शहरात असं कुणी बोलणार नाही. मराठीत आणायचं झालं तर मोह असा होईल की आगोस्तिनोच्या तोंडी गडद ग्रामीण बोली घालावी. तसं केलं की तो लगेच गावठी पात्र होईल आणि वाचक त्याच्याकडे वरून बघू लागेल. शब्द साधे ठेवावेत आणि बोलीचा ठसका वाक्याच्या चालीत आणावा. मराठीला ते मुळीच जड नाही.

हे जग गेलं कसं

१९५४ साली पुस्तक आलं तेव्हा आगोस्तिनोचा काळ मागे पडला होता, पण मेद्झाद्रिया जिवंत होती आणि शेवटच्या घटका मोजत होती. युद्धानंतर शेतकरी संघटनांच्या लढ्यांनी मेद्झाद्रोचा वाटा ५३ टक्क्यांवर नेला. १५ सप्टेंबर १९६४ च्या कायद्याने तो ५८ टक्के झाला आणि नवे मेद्झाद्रिया करार बंद झाले. उरलेसुरले करार साध्या भाडेपट्ट्यात बदलायची वाट १९८२ च्या कायद्याने मोकळी केली. म्हणजे कायद्याने फक्त ५० चे ५८ केले. लोक तोवर निघून चालले होते. १९५१ मध्ये इटलीत कामकरी माणसांतले शंभरात चाळीसहून अधिक शेतीवर होते. १९७१ पर्यंत ते विसाच्या खाली आले. कसणाऱ्याला चांगला वाटा मिळाला तेव्हा कसायला माणूस उरला नव्हता.

तोरिनोच्या मोटार कारखान्यांनी माणसं ओढली हे सगळ्यांना ठाऊक असतं. लांगेत थोडं वेगळं घडलं. अल्बात १९४६ साली फेरेरो कंपनी उभी राहिली. युद्धानंतर कोको महाग आणि दुर्मिळ, म्हणून चॉकलेटमध्ये स्थानिक हेझलनट घातले जात. १९६४ साली, म्हणजे मेद्झाद्रियाच्या कायद्याच्याच वर्षी, न्युटेलाची पहिली बरणी अल्बातून बाहेर पडली. कंपनीने डोंगरातल्या गावांत बस पाठवल्या. माणूस पहाटे बसने कारखान्यात जाई, पाळी संपवून घरी येई आणि उरलेल्या उजेडात आपलं शेत बघे. त्यामुळे खालच्या आणि मधल्या लांगेत घरं बंद पडायचं प्रमाण कमी राहिलं. बस जिथे पोचत नव्हत्या त्या वरच्या गावांना हे लाभलं नाही.

शेती सोडण्यात मुलींनी पुढाकार घेतला, हे सहसा सांगितलं जात नाही. जिनोत्ता आणि फेदेच्या नशिबात जे होतं ते पुढच्या पिढीच्या मुलींनी नाकारलं. त्यांना नवरा शेतकरी नको होता. मग पन्नास-साठच्या दशकांत लांगेतल्या एकट्या पुरुषांसाठी मध्यस्थ, तिकडच्या बोलीत 'बाचाले', दक्षिणेतल्या कालाब्रियापर्यंत जाऊन मुली शोधू लागले. फोटो पाहून ठरलेली लग्नं, एकमेकांची बोली न कळणारं जोडपं, आणि समोर धुक्यातला डोंगर. नूतो रेवेल्ली या लेखकाने कुनेओ जिल्ह्यातल्या शेतकऱ्यांच्या आणि बायांच्या तोंडच्या हकिगती टेपवर घेतल्या. पुरुषांची बाजू प्रामुख्याने 'इल मोंदो देइ विंती' (१९७७) मध्ये आहे, आणि बायांची, त्यात या दक्षिणेच्या सुनांचीही, 'लानेल्लो फोर्ते' (१९८५) मध्ये. 'ला मालोरा' वाचून झाल्यावर हे दुसरं पुस्तक वाचावं, कारण फेनोल्योच्या टेबलाभोवतीच्या बायका फार बोलत नाहीत. एकच अपवाद अगदी शेवटी आहे. आगोस्तिनो घरी परत आला आहे, एमिलिओ खंगतो आहे, आणि आई रात्री देवाला सांगते: माझ्या एमिलिओचे डोळे मिटल्याशिवाय मला बोलावू नकोस, नंतर खुशाल बोलाव. इथेही आधी काय आणि नंतर काय याचा क्रम लावलेला आहे.

आज अल्बाजवळच्या बारोलो भागात द्राक्षमळ्याच्या एका हेक्टरला दहा लाख युरोंच्या वर भाव निघतो, आणि लांगेचे द्राक्षमळे २०१४ पासून युनेस्कोच्या जागतिक वारसा यादीत आहेत. पर्यटक जो लांगे बघतात तो हा. पावाल्योनेचं घर कास्तिनोच्या बाजूला, वरच्या अंगाला आहे. तिथल्या उतारांवर आता प्रामुख्याने हेझलनटच्या बागा आहेत. फळ ऑगस्टअखेर पिकून आपसूक जमिनीवर पडतं, यंत्राने ते गोळा होतं. तोबियाला बायको, दोन मुलगे, मुलगी आणि एक सालगडी लागत होता. तेवढ्या उताराला आता एक माणूस आणि एक यंत्र पुरतं. वर सान बेनेदेत्तोत दोनशेही माणसं उरलेली नाहीत.